गुरुजींचा फॉन्ट



मी तालुक्याच्या गावात कॉम्प्युटर दुरुस्त करतो. लग्नसराई आली की मांडववाल्यांसारखाच आमचाही सीझन सुरू होतो. लग्नाचा आणि कॉम्प्युटर बिघडण्याचा काय संबंध, असं वाटेल. सांगतो.

मागच्या मे महिन्यात माझे चौथीचे गुरुजी दुकानात आले. रिक्षातून सीपीयू आणला होता, तोही चादरीत गुंडाळून. म्हणाले, "अरे, हा कॉम्प्युटर आहे की एसटी स्टँडची भिंत? जाहिरातींशिवाय काही दिसेनाच झालंय." जोडून चालू केला. ब्राउझरच्या डोक्यावर एकाखाली एक तीन टूलबार. होमपेज भलत्याच कुठल्या सर्च इंजिनचं. गुरुजींनी ज्ञानेश्वरी शोधली की आधी चपलांचे सेल. आणि उजव्या कोपऱ्यात सारखा एक चौकोन वर येई: तुमच्या संगणकात १,२४७ चुका सापडल्या, दुरुस्तीसाठी पैसे भरा. ज्यांनी जन्मभर दुसऱ्यांच्या चुका मोजल्या, त्यांना हा आकडा फार लागला होता.

मी आधी अँटिव्हायरस चालवलाच नाही. कंट्रोल पॅनलमधली प्रोग्रामची यादी उघडली आणि 'इन्स्टॉल्ड ऑन' या मथळ्यावर क्लिक केलं. यादी तारखेप्रमाणे लागली. सात प्रोग्राम एकाच तारखेचे.

"गुरुजी, अकरा तारखेला काय केलं होतंत?"

"काही नाही रे. नातीच्या लग्नाची पत्रिका करायची होती, म्हणून एक मराठी फॉन्ट उतरवून घेतला. फुकट होता."

तो फॉन्ट कुठून घेतला ते मी त्यांच्याच कॉम्प्युटरवर पाहिलं. पानावर 'डाउनलोड' लिहिलेली चार बटणं. त्यातली हिरवीगार, हाताच्या पंजाएवढी तीन म्हणजे जाहिराती. खरी लिंक खाली, बारीक निळ्या अक्षरांत. गुरुजींनी अर्थातच मोठं बटण दाबलं. उतरलेल्या फाईलच्या नावाचं शेपूट होतं ईएक्सई. इथेच थांबायला हवं होतं. फॉन्टच्या फाईलचं शेपूट टीटीएफ किंवा ओटीएफ असतं, फार तर ती झिपमध्ये बांधून येते. ईएक्सई म्हणजे प्रोग्राम. फॉन्ट मागितला आणि प्रोग्राम हातात पडला, तर तो माल आपला नव्हे.

पुढच्या खिडकीत दोन पर्याय होते. एक 'एक्सप्रेस', त्याच्यापुढे कंसात 'रिकमेंडेड'. दुसरा 'कस्टम', इतक्या फिकट राखाडी अक्षरांत की तो बंद पडलाय असं वाटावं. या कस्टममध्येच सगळी गोम असते. तो निवडला की टूलबार, सर्च इंजिन, संगणक 'वेगवान' करणारं यंत्र अशा आधीच बरोबरच्या खुणा केलेल्या चौकटी एकेक करून उघड्या पडतात आणि त्या खुणा काढता येतात. एक्सप्रेस घेतलं की सगळ्यांना एकदम होकार. आपण नेक्स्ट, नेक्स्ट, नेक्स्ट करत जातो, मुंडावळ्या बांधलेला नवरदेव भटजी सांगतील तिथे पाणी सोडतो तसे.

यात कुणाचा फायदा? गूगल आणि न्यूयॉर्क विद्यापीठाच्या संशोधकांनी २०१६ मध्ये हा व्यवहार उलगडून दाखवला. एखाद्याच्या संगणकात आपला प्रोग्राम घुसवून दिला की कंपनी मधल्या दलालाला दर संगणकामागे पैसे मोजते. देशाप्रमाणे भाव साधारण १० सेंटपासून दीड डॉलरपर्यंत. म्हणजे गुरुजींचा तो फुकट फॉन्ट कुणाला तरी सातपट फळला असेल.

मग अँटिव्हायरस हे सरळ अडवत का नाही? कारण कागदोपत्री आपण 'हो' म्हटलेलं असतं. झँगो नावाच्या अमेरिकी कंपनीने, आमचा प्रोग्राम अडवता म्हणून, कॅस्परस्की या अँटिव्हायरसवाल्यांना कोर्टात खेचलं होतं. २००९ मध्ये अपील कोर्टाने कॅस्परस्कीच्या बाजूने निकाल दिला. तरी अशा प्रोग्रामना व्हायरस म्हणायला सगळे बिचकतात. 'कदाचित नकोसा असू शकणारा प्रोग्राम' असं मिळमिळीत नाव त्यांना पडलंय ते उगाच नाही.

विंडोजमध्ये हा दरवाजा लावून घ्यायची सोय आता आहे. विंडोज सिक्युरिटी उघडा, 'अ‍ॅप अँड ब्राउझर कंट्रोल'मध्ये जा, तिथे 'रेप्युटेशन-बेस्ड प्रोटेक्शन'खाली नकोशा अ‍ॅप्सना अडवणारा खटका आहे. तो चालू आहे ना, एवढं आज रात्री बघा. घरातल्या मुलांना संगणकावर वेगळं, साधं खातं काढून द्या, अ‍ॅडमिनिस्ट्रेटरचं नको. मूल गेमच्या नादात नेक्स्ट दाबत सुटलं तरी बऱ्याच प्रोग्रामना तुमचा पासवर्ड लागेल.

दर वेळी चूक आपलीच असते असंही नाही. २०१५ मध्ये लेनोव्होच्या कोऱ्या लॅपटॉपमध्ये कंपनीनेच घातलेला 'सुपरफिश' सापडला. तो जाहिराती घुसवण्यासाठी कुलपाचं चिन्ह असलेल्या सुरक्षित पानांतही शिरायचा, आणि सगळ्या लॅपटॉपमध्ये त्याची किल्ली एकच होती. तेव्हा लॅपटॉप नवा आला तरी प्रोग्रामची यादी एकदा डोळ्यांखालून घालावी.

तो १,२४७ चुकांचा चौकोन मात्र सात प्रोग्राम काढल्यावरही येतच राहिला. गुरुजी माझ्याकडे बघायला लागले. तो प्रोग्राम नव्हताच. कुठल्याशा पानाने कधीतरी "सूचना पाठवू का?" असं विचारलं होतं आणि गुरुजींनी सभ्यपणे 'अलाऊ' दाबलं होतं. ब्राउझरच्या सेटिंगमध्ये नोटिफिकेशनची यादी असते. तिथून ते पान काढलं आणि चुका संपल्या. त्याच वेळी एक्स्टेन्शन्सही तपासावीत, ओळखीचं नसेल ते काढावं. अशा चौकोनात फोन नंबर दिला असेल तर चुकूनही लावू नका. लावून बसला असाल आणि पैसे गेले असतील, तर वेळ न घालवता १९३० या सरकारी क्रमांकावर तक्रार नोंदवा.

एवढं होऊनही गुरुजींची अडचण तशीच होती. "अरे, पण पत्रिकेचं काय?" मी विंडोजच्या 'ऑप्शनल फीचर्स'मधून देवनागरीचे जादा फॉन्ट उतरवले. मायक्रोसॉफ्टचेच, विनामूल्य. अपराजिता, कोकिला, उत्साह ही त्यांची नावं वाचून गुरुजी हसले. शिवाय गूगल फॉन्ट्सवर मुंबईच्या 'एक टाइप'ने केलेले मुक्त, बालू, मोदक आहेत. तेही फुकट आणि सरळ टीटीएफ. गुरुजींनी चष्मा पुसून एकेकात नातीचं नाव लिहून पाहिलं. मोदक फार गुबगुबीत वाटला. अर्धा तास गेला, बाहेर रिक्षावाला हॉर्न वाजवत होता.

शेवटी कोकिला ठरला. मग त्यांनी तो निकामी ईएक्सई रीसायकल बिनमधून परत काढायला लावला. म्हणाले, "सात जण घेऊन आला, पण फॉन्ट होता का रे त्यात?"

आम्ही दोघांनी शोधलं. नव्हता.