पाटी संपेपर्यंत बसा

माहितीपट संपून नावांची पाटी सरकू लागली की आपण रिमोट उचलतो. तो उचलू नका, एवढंच आज सांगायचं आहे. त्या पाटीत संकलकाचं नाव असतं, आणि माहितीपटाचा निम्मा लेखक तोच असतो. कथापटाची पटकथा आधी तयार असते, माहितीपटाची बहुधा एडिटिंग टेबलावर घडते. अमेरिकेतल्या शार्लट झ्वेरिन यांचंच पाहा. सीबीएसमध्ये फिल्मसंग्रह सांभाळता सांभाळता त्या संकलनाकडे वळल्या. माहितीपटकार मेझल्स बंधूंनी दारोदार बायबल विकणारे चार विक्रेते टिपले होते. त्यांतल्या खचत चाललेल्या पॉलची गोष्ट हाच चित्रपटाचा कणा, हे संकलनात उमगलं. म्हणूनच १९६९च्या ‘सेल्समन’वर दोघा भावांबरोबर दिग्दर्शक म्हणून झ्वेरिन यांचंही नाव आहे.

संकलन म्हणजे तांदूळ निवडणं, असं कुणी म्हणेल. दाताखाली खडा आला तरच निवडणाऱ्या हाताची आठवण होते, तेवढं खरं. पण निवडणारा हात भात की खिचडी हे ठरवत नाही, पुरेसं नाही म्हणून पुन्हा बाजारात पाठवत नाही. संकलक तेही करू शकतो, आणि झ्वेरिन यांनी नेमकं तेच केलं. रोलिंग स्टोन्स या रॉक बँडवरच्या ‘गिम्मी शेल्टर’ या माहितीपटाच्या वेळी, त्यांच्या अल्टामाँटच्या मैफलीतला खून कॅमेऱ्यात आलेला होता. हे चित्रण बँडला दाखवा आणि ते बघत असताना त्यांना टिपा, ही झ्वेरिन यांची सूचना. पडद्यावर आपल्याला एडिटिंग टेबलच दिसतं. बँडचा गायक मिक जॅगर बघतो आहे, फिल्म मागे फिरते, चित्र थांबतं, आणि एका मुलीच्या क्रोशाच्या कपड्यांसमोर पिस्तुलाची आकृती उमटते.

पण मुळात चित्रणच नसतं तर संकलक काय करणार? बरोबर आहे. मात्र थेलोनियस मंक या पियानोवादकाचं १९६७-६८मधलं चित्रण वर्षानुवर्षं पडून होतं, १९८८मध्ये झ्वेरिन यांनी त्याचा चित्रपट केला, तेव्हा ते लोकांपर्यंत पोचलं. दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे. इतकी सत्ता हातात असली तर संकलक सत्यही वाकवेल. वाकवू शकतो! उत्तर अर्धं तोडलं, प्रश्न गाळला, की माणूस खोटा ठरतो. म्हणून तर नाव माहीत हवं, जाब विचारायला आणि शाबासकी द्यायलाही. पुन्हा सांगतो, पाटी संपेपर्यंत बसा.