नावात काय काय असतं

कामं आवरली असतील तर निवांत बसा, नसतील तर हात चालू राहू द्या, कान तेवढा इकडं द्या. आज नावांविषयी बोलायचं आहे. माझी नोकरी शाळेतली. हजेरी घेण्यात वर्षं गेली, त्यामुळं नावं वाचायची सवय लागलेली आहे आणि प्रत्येक नावाशी थबकायचीही.

आपल्या आजे-पणज्यांच्या पिढीत दगडू, धोंडू, केरबा, कचरू, उकिर्डा अशी नावं गावोगाव होती. आता पोरं ती ऐकून खुसुखुसू हसतात. पण ही नावं ठेवणारे आईबाप वेडे नव्हते. घरात मूल जगत नसायचं. देवी यायची, पटकी यायची, पाळणे रिकामे व्हायचे. मग पुढचं मूल झालं की त्याला मुद्दाम हलकं नाव द्यायचं. मृत्यूनं दारात यावं, नाव विचारावं आणि म्हणावं, हा तर केरकचरा, याला कशाला न्यायचं? दगडू म्हणजे दगडासारखा टिकून राहा. भिकू म्हणजे देवाकडं पदर पसरून मागून घेतलेला. आणि नथू? मुलाचं नाक टोचून त्यात नथ घालायची, म्हणजे ही मुलगी आहे असं वाटून त्याला दृष्ट लागणार नाही. यातला हिशेब लक्षात आला का? मुलगा जगवायचा तर त्याला मुलीचं सोंग द्यायचं, कारण मुलीवर कुणाची नजर जाणार!

तर ही नावं वरून ओबडधोबड, पण आत माया. आता दुसरं नाव घेते. नकोशी. कुठं नकुसा म्हणतात, कुठं नकुशी. तीन-चार मुली झाल्या की पुढच्या मुलीचं नाव असं ठेवायचं, म्हणजे देवाला कळेल आणि पुढचा मुलगा होईल, अशी समजूत. दगडू आणि नकोशी, दोन्ही नावं ऐकायला वाईटच. पण दगडू म्हणणारी आई ‘तू राहा’ म्हणत होती. नकोशी म्हणणारं घर त्या मुलीशी बोलतच नाही, ते तिच्यामागून येणाऱ्या मुलाशी बोलतं. तिच्या नावात तीच नाही.

ही जुनी गोष्ट समजू नका. 2011 साली सातारा जिल्हा परिषदेनं अशा मुली शोधून काढल्या आणि ऑक्टोबर महिन्यात साताऱ्यात एक मोठा कार्यक्रम घेतला. 285 मुलींनी त्या दिवशी जुनं नाव टाकून नवीन घेतलं. नव्या नावाचं प्रमाणपत्र हातात मिळालं. त्याच वर्षीच्या जनगणनेत महाराष्ट्रात सहा वर्षांपर्यंतच्या हजार मुलांमागं मुली होत्या 894. दहा वर्षांपूर्वी 913 होत्या. म्हणजे नकोशा नुसत्या नावानं नव्हत्या; कित्येकींना नाव मिळण्याइतकी वेळही आली नाही.

आता बारशाकडं वळू. आत्या बाळाच्या कानात कुर्र करते आणि नाव सांगते. मुलाचं नाव तेवढ्यावर भागतं. मुलीचं मात्र आपल्याकडं दुसरं बारसं व्हायचं, लग्नात. ताटात तांदूळ पसरायचे आणि नवऱ्यानं अंगठीनं त्यात नवीन नाव लिहायचं. काही घरांत अजूनही होतं. मोठमोठ्या बायकाही यातून सुटल्या नाहीत. झाशीची राणी माहेरची मणिकर्णिका तांबे, सासरी लक्ष्मीबाई. ‘स्मृतिचित्रे’ लिहिणाऱ्या लक्ष्मीबाई टिळकही माहेरच्या मनकर्णिकाच, गोखल्यांच्या. रमाबाई रानडे माहेरच्या यमुना, आणि पहिल्या डॉक्टर आनंदीबाई जोशी, त्याही यमुनाच! मनुस्मृतीत नदीचं नाव असलेली मुलगी करू नये असं म्हटलंय खरं, पण आपल्या लोकांनी ते काही फारसं मनावर घेतलेलं दिसत नाही. गोदा, कृष्णा, भीमा, तापी या नावांच्या सुना घरोघर आल्या.

कुणाला नवीन नाव आवडतही असेल. हौसेनं घेतलं तर माझी तक्रार नाही. पण विचारून बदललं का, एवढं बघावं.

आडनावांचा प्रकार आणखी मजेशीर. गावाला ‘कर’ लावलं की आडनाव तयार, हे तुम्हाला माहीतच आहे. गंमत अशी की ही आडनावं बहुतेक गाव सोडल्यावर चिकटतात. गावात राहणाऱ्या सगळ्यांनाच ‘कर’ म्हणून काय उपयोग? दुसरी मोठी रास कामांची आणि हुद्द्यांची. गावाचं दप्तर सांभाळणारा कुलकर्णी, नाणी पारखणारा पोतदार, पत्रव्यवहार बघणारा चिटणीस. सुतार, लोहार, कुंभार तर उघडच आहेत. आणि धंदा बदलला की आडनावही बदलायचं. जोतीराव फुल्यांचं घराणं मूळ सातारा जिल्ह्यातल्या कटगुणचं, आडनाव गोऱ्हे. पुण्यात फुलांचा धंदा केला म्हणून फुले झाले. आडनाव काही दगडावरची रेघ नाही, हे यावरून कळतं.

पण मी पुष्कळ आठवून पाहिलं, बाईच्या कामावरून पडलेलं आडनाव काही मला सापडलं नाही. दळण बाईचं, कांडण बाईचं, गावातली बाळंतपणं सुईणीनं केली. त्यातलं एकही कामाचं म्हणून मोजलं गेलं नाही. तुम्हाला असं एखादं आडनाव ठाऊक असेल तर आकाशवाणीला नव्हे, आपल्या या केंद्राला कळवा, चहा माझ्याकडून.

आईचं नाव लावण्याची रीत मात्र आपल्या मातीत फार जुनी आहे. सातवाहन राजे स्वतःला आईच्या नावानं सांगत. गौतमीपुत्र सातकर्णी, म्हणजे गौतमीचा मुलगा. त्याचा मुलगा वासिष्ठीपुत्र पुळुमावी. नाशिकच्या पांडवलेण्यात गौतमी बलश्रीचा लेख आजही दगडात आहे. त्यात ती स्वतःला महाराजाची आई आणि महाराजाची आजी म्हणवते. म्हणून 2024 च्या मार्चमध्ये आपल्या सरकारनं मुलाच्या नावापुढं आधी आईचं नाव, मग वडिलांचं, मग आडनाव असं लिहायचं ठरवलं, तेव्हा काही जण म्हणाले, हे काय नवीन खूळ! नवीन नाही हो. 1 मे 2024 ला किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांना हा नियम आहे. तुमच्या घरात पाळणा हलला असेल तर जन्मनोंदणीच्या वेळी आईचं नाव कागदोपत्री असतं तसंच, पूर्ण लिहून द्या. ‘बाळी’, ‘ताई’ असलं घरगुती नाव देऊ नका.

कागदांवरून आठवलं, आणि हेच आज नीट ऐका. आपल्यातल्या कितीतरी जणींचं शाळेच्या दाखल्यावर एक नाव, आधारवर दुसरं, रेशनकार्डावर तिसरं. हिंदू वारसा कायद्यानं वडिलांच्या जमिनीत मुलीला मुलाइतकाच हक्क आहे, 2005 च्या दुरुस्तीनं तो देशभर पक्का झाला. पण सातबाऱ्यावर वारस म्हणून माहेरचं नाव, आणि हातातल्या सगळ्या कागदांवर सासरचं. मग तलाठी विचारतो, ही तीच बाई कशावरून? बाई तिथं उभी असते आणि ती तीच आहे हे तिलाच सिद्ध करावं लागतं. भावांचं असं कधी होत नाही; ते जन्मले त्या नावानंच म्हातारे होतात.

लग्नानंतर नाव बदललंच पाहिजे असा कायदा नाही. बदललं असेल तर शाळा सोडल्याचा दाखला जपा आणि लग्नाची नोंदणी करून तो दाखला त्याच पिशवीत ठेवा. दोन नावांना जोडणारा पूल तोच. पहिलं नावही बदललं असेल तर राजपत्रात तसं छापून घेता येतं. आणि मालमत्तेच्या कागदावर लग्नाआधीचं नाव लावायची मुभा सरकारच्या त्याच 2024 च्या निर्णयात बाईला दिलेली आहे. हे तलाठ्याला माहीत नसेल, तर तुम्ही सांगा.

पुढच्या वेळी वारसनोंदीचा अर्ज कसा भरायचा ते बघू. तोवर घरातल्या म्हातारीला एकदा विचारा, आजी, तुझं माहेरचं नाव काय होतं? सांगितलंन की वहीत लिहून ठेवा, आणि जमलं तर आम्हाला पत्रानं कळवा. नमस्कार.