पेटीतली नाणी आणि वहीतलं गणित

आज पेटीतल्या चिल्लरीबद्दल बोलू या.

पोरांच्या वहीत एक गणित हमखास असतं. दोनची आणि पाचची मिळून 40 नाणी, रक्कम 128 रुपये, तर कोणती किती? पोरगं ‘क्ष’ मांडतं, अडतं आणि आईकडे बघतं. आई म्हणते, बाबांना विचार. आम्हाला हे पटत नाही. दर महिन्याला बचतीची चिल्लर मोजणाऱ्या बाईला हे गणित जमलंच पाहिजे.

40 चिंचोके मांडा. प्रत्येक चिंचोका म्हणजे दोनचं नाणं. झाले 80 रुपये. हवेत 128, म्हणजे 48 कमी पडले. आता एक चिंचोका उचला आणि त्या जागी खडा ठेवा. खडा म्हणजे पाचचं नाणं. नाणी 40 च राहिली, पण रक्कम 3 रुपयांनी वाढली. 48 भरून काढायला असे किती बदल करायचे? 48 भागिले 3, म्हणजे 16. पाचची 16 नाणी, उरलेली 24 दोनची. पडताळून बघा: 80 आणि 48, झाले 128.

बऱ्याच जणी इथे 48 ला पाचने भागायला जातात. दोन रुपये तर आधीच धरलेत ना? मग वरचे तीनच मोजायचे. आणि सगळी दोनची धरली, तर उत्तर आधी पाचच्या नाण्यांचं येतं, हेही पोरांना सांगा. सगळी पाचची धरली तर 200 होतात, 72 जास्त. 72 भागिले 3, दोनची 24. उत्तर तेच.

कधी गणितात आठाणे येतात. त्याची दोन नाणी म्हणजे एक रुपया, एवढं धरलं की झालं. चाराणे 2011 च्या 30 जूनपासून चलनातून गेले, आठाणे अजून कायद्याने चालतात, दुकानदार काहीही म्हणो. (1957 साली नवे पैसे आले, पण आण्यांची नावं आपल्या तोंडून काही जात नाहीत.)

आम्हाला याचा खरा उपयोग बैठकीत होतो. समजा वहीत लिहिलंय: दोनची व पाचची नाणी 40, रक्कम 130. सगळी दोनची धरली तर 50 वरचे. 50 ला 3 ने पूर्ण भाग जात नाही. म्हणजे मोजताना चुकलंय, बेरीज चुकलीय, नाहीतर एकाचं नाणं दोनच्या ढिगात गेलंय. पेटी पुन्हा मोजायची, सह्या नंतर. खजिनदार ताईंवर आळ घेण्याआधी हे करायचंच. नाण्यांच्या घोळावरून गटात अबोला धरलेल्या बाया आम्ही पाहिल्यात.

भाग गेला म्हणजे हिशोब बरोबरच, असंही समजू नका. 131 लिहिलं असतं तर भाग गेलाच असता. म्हणून दोनचा ढीग वेगळा, पाचचा वेगळा, आणि वहीत दोन्हींची संख्या वेगवेगळी लिहायची. नुसती एकूण रक्कम लिहिलेली वही आम्ही आता मान्य करत नाही.

पुढच्या बैठकीसाठी एक गणित घ्या: एकची आणि पाचची मिळून 30 नाणी, रक्कम 78 रुपये. चिंचोके घरात असतीलच. पोरांनाही बसवा शेजारी.