चरित्रनायकाचे कुटुंब कोणते?

(पनवेल येथील व्याख्यानाचा मजकूर)



अमेरिकन राजकीय नेत्यांची चरित्रे मराठी माणूस निदान पावणेदोनशे वर्षे वाचीत आला आहे. जोतीराव फुले आणि त्यांचे स्नेही सदाशिव बल्लाळ गोवंडे यांनी तारुण्यात शिवाजी महाराज व जॉर्ज वॉशिंग्टन यांची चरित्रे वाचली, असे जोतीरावांचे चरित्रकार नमूद करतात. जोतीरावांचे शालेय शिक्षण १८४७ साली संपले. योगायोग असा की, त्याच वर्षाच्या पहिल्या दिवशी अमेरिकेतील गुलामगिरीविरोधी 'लिबरेटर' या पत्रात ओना जज या वृद्धेची हकीगत छापून आली. ही स्त्री वॉशिंग्टनच्या घरातील गुलाम, त्याच्या पत्नीची खास दासी. वॉशिंग्टन अध्यक्षपदी असताना १७९६ साली ती फिलाडेल्फियातील अध्यक्षीय निवासातून पळाली. तिला पकडून देण्यासाठी वर्तमानपत्रात जाहिरात दिली गेली, तिच्या मागावर माणसे धाडली गेली. ती परत आली नाही. १८४८ साली न्यू हॅम्पशायरमध्ये स्वतंत्र, पण दरिद्री अवस्थेत वारली.

वॉशिंग्टनच्या रूढ चरित्रांत या स्त्रीला फारसे स्थान मिळाले नाही. येथेच एक प्रश्न उभा राहतो. नेत्याच्या चरित्रात त्याचे कुटुंब येते. पण ते कुटुंब म्हणजे नेमके कोण?

रूढ उत्तर असे की, कुटुंब म्हणजे वंशावळ. जॉन अ‍ॅडम्स आणि त्यांचे चिरंजीव जॉन क्विन्सी हे दोघेही अध्यक्ष झाले. पुढे दोन बुश, पितापुत्र, त्याच पदावर बसले. केनेडी बंधूंवर तर पुस्तकांचे ढीग रचले गेले. अशा ग्रंथांतून वाचक नकळत शिकतो, की सत्ता ही काही घरांची मिरास आहे आणि इतरांनी त्या घरांचे कौतुक करावयाचे आहे. लोकशाहीच्या नावाने चालणारा हा सरंजामी संस्कार महाराष्ट्रातील वाचकास अपरिचित नाही.

वॉशिंग्टनचीच गोष्ट पुढे पाहण्याजोगी आहे. १७९९ साली, मृत्यूच्या काही महिने आधी, त्याने माउंट व्हर्ननवरील गुलामांची यादी स्वतः तयार केली. त्या जमिनीवर तेव्हा ३१७ माणसे गुलामीत होती. पैकी १२३ वॉशिंग्टनच्या मालकीची, १५३ त्याच्या पत्नीच्या पहिल्या पतीच्या इस्टेटीची, उरलेली बहुतेक शेजाऱ्याकडून भाड्याने आणलेली. मृत्युपत्राने त्याने स्वतःच्या मालकीच्या गुलामांना मुक्ती दिली आणि १ जानेवारी १८०१ रोजी ती प्रत्यक्षात आली. इस्टेटीच्या गुलामांवर मात्र त्याचा कायदेशीर हक्क नव्हता. १८०२ साली पत्नीच्या मृत्यूनंतर ते वारसांत वाटले गेले. या दोन गटांत लग्ने झालेली होती. परिणामी नवरा मुक्त आणि बायको-मुले गुलाम, अशी घरे फुटली. एका कुटुंबाच्या मालमत्तेची वाटणी झाली ती दुसऱ्या कुटुंबांची फाळणी करून.

थॉमस जेफर्सनची कथा याहून बोलकी आहे. सर्व माणसे समान आहेत असा उद्घोष करणाऱ्या १७७६ च्या जाहीरनाम्याचा हा कर्ता. त्याच्या घरातील गुलाम सॅली हेमिंग्ज ही त्याच्या दिवंगत पत्नीची सावत्र बहीण होती. जेफर्सनपासून तिला मुले झाली, असे तिचा मुलगा मॅडिसन हेमिंग्ज याने १८७३ साली ओहायोतील एका वृत्तपत्रात स्पष्टपणे सांगितले. शतकाहून अधिक काळ नामांकित चरित्रकारांनी ही साक्ष अमान्य केली. गोऱ्या नातवंडांचा शब्द पुरावा ठरला, काळ्या मुलाचा शब्द अफवा ठरला. १९९७ साली अ‍ॅनेट गॉर्डन-रीड या कृष्णवर्णीय विदुषीने चरित्रकारांची ही दुटप्पी मोजमापे उघड केली. १९९८ साली जनुकीय चाचणीने साक्षीला पुष्टी दिली. २००० साली जेफर्सनचे निवासस्थान सांभाळणाऱ्या संस्थेनेही ती मान्य केली. गॉर्डन-रीड यांनी पुढे सबंध हेमिंग्ज कुटुंबाचा इतिहास लिहिला आणि त्यास २००९ साली पुलित्झर पारितोषिक लाभले.

ज्या १८७३ साली मॅडिसन हेमिंग्जने साक्ष दिली, त्याच साली पुण्यात जोतीरावांचा 'गुलामगिरी' हा ग्रंथ प्रसिद्ध झाला. तरुणपणी वॉशिंग्टनने भारावलेल्या जोतीरावांनी तो ग्रंथ कोणा अध्यक्षाला अर्पण केला नाही. गुलामांना दास्यमुक्त करण्यासाठी झीज सोसणाऱ्या अमेरिकेतील सदाचारी लोकांना तो अर्पण केला. नेत्याकडून लोकांकडे गेलेली ही दृष्टी हाच मराठी वाचकाचा खरा वारसा आहे.

या वारशाची कसोटी आज पनवेल-उरण परिसरात लागत आहे. जासईत १९२६ साली जन्मलेले, पनवेलमधून पाच वेळा विधानसभेवर गेलेले दि. बा. पाटील यांचे नाव नव्या विमानतळास द्यावे, असा ठराव विधिमंडळाने २०२२ साली केला. ८ ऑक्टोबर २०२५ रोजी विमानतळाचे उद्घाटन झाले. नावाची मागणी रास्तच आहे. परंतु दि. बां.चे चरित्र ज्या लढ्याने घडले, त्याचे कुटुंब फार मोठे आहे. नवी मुंबईसाठी ९५ गावांची जमीन घेण्यात आली. १६ आणि १७ जानेवारी १९८४ रोजी दास्तान फाटा व नवघर येथे पोलिसांच्या गोळीबारात पाचजण हुतात्मे झाले. साडेबारा टक्के विकसित भूखंडाचे तत्त्व त्या रक्तातून आले. हुतात्म्यांना दरवर्षी श्रद्धांजली वाहिली जाते. पण त्यांच्या घरांचे पुढे काय झाले, हे कोणत्या ग्रंथात आहे?

गुलामगिरी आणि भूसंपादन ही एका मापाने मोजण्याची गोष्ट नव्हे. साम्य आहे ते कागदाच्या चाळणीत. भूखंडाचा हक्क प्रामुख्याने सातबाऱ्यावरून ठरला. आयुष्यभर भाताची लावणी केलेल्या कितीतरी स्त्रियांचे नाव त्या उताऱ्यावर नव्हते. मिठागरात खपलेला मजूर, खाडीवर पोट असलेला मासेमार, कातकरी, यांचे तेथे काय असणार? चिंचपाडा, कोपर, कोल्ही, तरघर, कोंबडभुजे ही गावे विमानतळासाठी उठली, तेव्हा घरांबरोबर त्यांची आठवणही उठली.

वॉशिंग्टनने केलेली यादी ही मालकाने केलेली मालमत्तेची नोंद होती. तरीही तीत नावे, कामे, नवरा-बायकोची नाती लिहिलेली असल्यामुळे पुढील पिढ्यांना आपली घरे पुन्हा जोडता आली. येथील यादी मालकांनी करावी अशी वाट पाहण्याचे कारण नाही. १९८४ साली पंचविशीत असलेला तरुण आज पासष्टी ओलांडून गेला आहे. त्या मोर्च्यात पोर कडेवर घेऊन चाललेल्या बायांपैकी कितीतरी आज हयात नाहीत. गावोगावच्या शिक्षकांनी, विद्यार्थ्यांनी, कार्यकर्त्यांनी घरटी एक वही करावी: कोण होते, काय पिकवीत होते, किती मिळाले, कोठे गेले. कागद नसलेल्याची साक्ष कागदवाल्याच्या साक्षीइतकीच मोलाची मानावी. विमानतळावर एक नाव लागेल. त्या नावामागची हजारो नावे लिहून ठेवणे हे मात्र सरकारचे नव्हे, चळवळीचे काम आहे.