कोरी राहिलेली वर्षं



हातातलं काम चालू ठेवा, भाजी निवडता निवडता ऐकलंत तरी चालेल. आज एका खेळाडूची गोष्ट सांगते. आहे अमेरिकेतला, पण शेतकऱ्याचा मुलगा.

बॉब फेलर त्याचं नाव. जन्म १९१८ चा, आयोवा राज्यातल्या व्हॅन मीटर गावचा. तिकडे बेसबॉल खेळतात. आपल्या क्रिकेटसारखाच चेंडू-दांडूचा खेळ, फक्त चेंडू टप्पा न पाडता थेट फेकायचा. बॉब हा चेंडू फेकणारा. शेतावरच्या कामांनी माझ्या दंडात बळ आलं, असं तो सांगायचा. वडिलांनी त्याच्यासाठी शेतातच मैदान तयार केलं होतं.

सतराव्या वर्षी तो क्लीव्हलँडच्या मोठ्या संघात गेला. १९३९ च्या मे महिन्यात, मातृदिनाला, त्याची आई शिकागोला सामना बघायला बसली होती. बॉबनं टाकलेला चेंडू समोरच्यानं टोलवला, तो नेमका आईच्या तोंडावर आला. चष्मा फुटला, टाके पडले. बॉबनं जाऊन आईला पाहिलं, परत मैदानात आला आणि सामना जिंकला.

१९३९ ते १९४१ या तीन वर्षांत त्यानं ७६ सामने जिंकले. वय अवघं तेवीस. आणि ७ डिसेंबर १९४१ ला पर्ल हार्बरवर हल्ला झाला. दोनच दिवसांनी बॉब नौदलात भरती झाला. वडील कॅन्सरनं आजारी, घर त्याच्या कमाईवर, म्हणून त्याला सक्ती नव्हती. तरी तो गेला. अलाबामा नावाच्या युद्धनौकेवर तोफेच्या तुकडीचा प्रमुख झाला. १९४३ मध्ये वडील वारले.

खेळाच्या नोंदवहीत त्याची १९४२, ४३ आणि ४४ ही वर्षं कोरी आहेत. ४५ चंही बरंचसं गेलं. उमेदीची वर्षं ती, पुन्हा मिळाली नाहीत. पण त्याची त्याबद्दल तक्रार नव्हती.

ऑगस्ट १९४५ मध्ये तो परतला आणि पहिलाच सामना जिंकला. पुढच्या वर्षी २६ सामने जिंकले, ३४८ फलंदाज चकवून बाद केले. हे जमलं कसं? एक म्हणजे, जहाजावरही तो डेकवर धावायचा, व्यायाम चुकवायचा नाही. आणि दुसरं, संघात त्याची जागा त्याची वाट बघत होती. सैन्यातून आलेल्याला जुनं काम परत मिळावं, असा कायदाच तिथं १९४० साली झाला होता.

आता आपल्याकडे बघू. कुणी सासूच्या आजारपणात शिवणक्लास सोडते, कुणी बाळंतपणात गटाचं काम सोडते. बॉब स्वतःच्या मर्जीनं गेला, आपल्याला पुष्कळदा कुणी विचारतही नाही. चार वर्षांनी ती परत आली की आपणच विचारतो, “इतके दिवस काय करत होतीस?” आणि ती म्हणते, “काही नाही, घरीच होते.”

बायांनो, “काही नाही” म्हणू नका. आजारी माणसाचं अंथरूण-पांघरूण केलं, लेकरू वाढवलं, म्हणा. तेही कामच. जमेल तेव्हा मशीनवर बसा, आठवड्यातून एकदा का होईना. आणि ज्या गटात आहेत त्यांनी एवढं करावं: गेलेलीचं नाव वहीतून खोडू नये. बैठकीचा निरोप तिच्या दारात पोचवावा. परत येईल तेव्हा सतरंजीवर सरकून तिला जागा द्यावी.

तुमच्या गटातून अशी कोण गेली आहे? या आठवड्यात तिच्याकडे एक चक्कर मारा.