काळ्या फत्तराचे अभ्यासक
(अध्यक्षीय भाषण, बेसा, नागपूर)

काळा फत्तर म्हणजे बेसाल्ट, लाव्हारस थिजून झालेला खडक. विदर्भातल्या घरात तो पाटा-वरवंटा होऊन येतो, शेतात झिजून कपाशीची काळी माती होतो आणि पिंपळाखाली शेंदूर लागला की देव होतो. साधारण ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी भेगांमधून वर आलेल्या लाव्ह्याचे थर एकावर एक साचत गेले. त्यांनी आजही सुमारे पाच लाख चौरस किलोमीटर मुलूख व्यापला आहे. डोंगरांच्या उतारांना पायऱ्या पडल्यासारख्या दिसतात म्हणून स्वीडिश भाषेतल्या पायरीवरून 'ट्रॅप' हे नाव आले, आणि 'डेक्कन ट्रॅप' हा शब्द कर्नल साइक्स यांनी १८३३ मध्ये वापरात आणला.

पश्चिम घाटात या थरांची जाडी किलोमीटरच्या पुढे जाते. १९९३च्या भूकंपानंतर किल्लारीला घेतलेल्या विंधनछिद्रात ते ३३८ मीटरवर संपले. नागपुरात तर काळा खडकच संपतो. शहराच्या पश्चिमेला ट्रॅप आहे, पूर्वेला त्याहून कितीतरी जुना ग्नाइस. बेसा या काठापासून लांब नाही. या खडकाच्या पोटाखाली काय आहे ते ज्याला पाहायचे असेल, त्याने काठाशीच यावे. नागपूरला या अभ्यासात मान मिळाला तो या जागेमुळे.

या दगडात काही तरी अद्भुत आहे ही समजूत जुनी आहे, आणि ती अगदीच बिनबुडाची म्हणता येत नाही. काटोल रस्त्यावरच्या जुनापाणीला लोहयुगातली सुमारे तीनशे शिलावर्तुळे आहेत. तिथल्या काही दगडांवर वाटीसारखे खळगे ओळीने कोरलेले दिसतात, आणि त्यांच्या अर्थावर विद्वानांचे अजून एकमत नाही. यवतमाळ जिल्ह्यात शिबला-पार्डीला रस्त्याच्या कामात उघडे पडलेले षटकोनी खांब कोणी घडवून रचले असावेत असे वाटते. ते घडवले कोणीच नाहीत. लाव्हा निवताना आक्रसतो, उन्हाळ्यात तळ्याचा गाळ तडकावा तसा तडकतो, आणि भेगा खालपर्यंत गेल्या की खांब सुटे होतात.

याहून मोठी करामत चुंबकत्वाची. या खडकात मॅग्नेटाइटचे बारीक कण असतात. लाव्हा निवताना ते त्या वेळच्या पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राची दिशा धरतात आणि पुढे ती सोडत नाहीत. १९५० च्या दशकात भारतातल्या ट्रॅपचे नमुने मोजले गेले, तेव्हा ती दिशा आजच्या जागेशी जुळेना. हे थर साचत होते तेव्हा नागपूर विषुववृत्ताच्या दक्षिणेला, सुमारे ३० अंशांवर होते. आज ते उत्तरेला २१ अंशांवर आहे. खंड सरकतात हे जगाला पटवून देणाऱ्या पुराव्यांत या दगडाची साक्ष मोलाची ठरली.

मात्र लाव्ह्याच्या काळाबद्दल पहिली साक्ष दिली ती लाव्ह्याने नव्हे, दोन थरांत अडकलेल्या चिखलाने. स्कॉटिश मिशनरी स्टीफन हिस्लॉप १८४५ मध्ये नागपुरात आले. १८५१ मध्ये त्यांना आणि सहकारी रॉबर्ट हंटर यांना टाकळीजवळ दोन काळ्या थरांमध्ये गाळाची पातळ पट्टी आढळली. तिच्यात फळे होती, बिया होत्या, गोड्या पाण्यातल्या गोगलगायींचे शंख होते आणि भुंग्यांचे कडक पंखसुद्धा होते. दगडात उमटलेला भुंग्याचा पंख जेमतेम नखाएवढा, पण त्याचा अर्थ मोठा. एक लाव्हा निवल्यानंतर त्यावर तळे साचले, काठी झाडे वाढली, भुंगे आले, आणि मग दुसरा लाव्हा आला. म्हणजे उद्रेकांमध्ये विसावा होता, आणि तोही लांबलचक. नागपूर परिसरातल्या खडकांवर आणि जीवाश्मांवर या दोघांनी लिहिलेला निबंध १८५५ मध्ये लंडनच्या भूविज्ञान संस्थेच्या नियतकालिकात छापून आला.

वयाचा वाद पुढे शंभर वर्षे चालला. हिस्लॉप यांनी हे थर टर्शरी, म्हणजे डायनोसॉर संपल्यानंतरच्या काळातले मानले. छिंदवाडा जिल्ह्यातल्या मोहगाव कलानचे वनस्पती-जीवाश्म अभ्यासणाऱ्या बिरबल साहनींचाही कौल तिकडेच होता. किरणोत्सारी मापनाने ते वय मागे, क्रिटेशसच्या अखेरीपाशी, म्हणजे डायनोसॉर संपले त्या सुमाराला नेले. दोघांचे अनुमान थोडे चुकले, निरीक्षण चुकले नाही.

या अभ्यासकांचा कधी एक संघ नव्हता. मिशनरी, सर्वेक्षण खात्याचे अधिकारी, विद्यापीठातले प्राध्यापक अशी ही मंडळी. त्यांच्या यादीत वडार आणि पाथरवट यांची नावे कुठेच नाहीत, हा दोष उघड आहे. खदानीत दगड निवडणारा माणूस आधी हातोडीने ठोकून पाहतो. खणखणला तर पाट्याला घ्यायचा, बद्द वाजला तर आतून कुजलेला, तो मुरमात टाकायचा. सच्छिद्र थर कुठे संपतो आणि घट्ट कुठे सुरू होतो, हे त्याला नकाशाशिवाय कळते.

हिस्लॉप यांचा शेवट नागपूरच्या याच दक्षिण बाजूला झाला. ४ सप्टेंबर १८६३ रोजी टाकळघाटची शिलावर्तुळे पाहून परतताना, पूर आलेला नाला ओलांडताना ते बुडाले. गाळाची ती पट्टी जिथे आढळली ती टाकळी आता शहराच्या पोटात आहे. बेसा, पिपळा, वर्धा रोड या बाजूला मात्र रोज कुठे ना कुठे पाया खणण्यासाठी जेसीबी लागलेला असतो. अशा खड्ड्यात दोन काळ्या थरांमध्ये वीतभर राखट पट्टी दिसली, तर भरणी टाकण्याआधी तिचा फोटो काढावा, मूठभर नमुना पिशवीत भरावा आणि विद्यापीठाच्या भूविज्ञान विभागात नेऊन द्यावा.