कोरा कागद

(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



मला भाषणाची सवय नाही. हळदीकुंकवाला नाव घेतानासुद्धा माझी गाडी मध्येच अडते. शिक्षण सातवीपर्यंत. तेव्हा चिटणीसबाईंनी "यंदा तुम्ही बोला" म्हटल्यावर मी आधी नाहीच म्हटले होते. परंतु गुरुवारच्या वाचनात आपण जी पोथी वाचली, तिच्यामुळे माझ्या घरात जे घडले ते सांगावेसे वाटले, म्हणून उभी राहिले. चुकले-माकले तर सांभाळून घ्या.

ती पोथी म्हणजे चांगदेव पासष्टी. पोथी तरी कसली, ते एक पत्र आहे, अवघ्या ६५ ओव्यांचे. ज्ञानेश्वरीच्या मानाने फारच लहान. नेहमी वाचणाऱ्या बाई अर्ध्या तासात संपवतील. मला मात्र ओळीखाली बोट ठेवून वाचावे लागते, म्हणून माझे तीन गुरुवार गेले.

कथा आपण सर्वजणी जाणतो. चांगदेव मोठे योगी, चौदाशे वर्षे जगले असे म्हणतात. ज्ञानदेवांची कीर्ती ऐकून त्यांनी पत्र लिहायला घेतले आणि पहिल्याच ओळीला अडले. चिरंजीव लिहावे तर हा ज्ञानाने मोठा. तीर्थरूप लिहावे तर वयाने पोर. शेवटी कोराच कागद पाठवला. तो पाहून मुक्ताबाई म्हणाली की इतकी वर्षे जगून हा कोराच राहिला. निवृत्तिनाथांनी मात्र ज्ञानदेवांना उत्तर लिहायला सांगितले. ते उत्तर म्हणजे ही पासष्टी. पुढे त्याच मुक्ताबाईला चांगदेवांनी गुरू केले. वाघावर बसून येणे आणि भिंत चालवणे लहान मुलांना फार आवडते. मला तो कोरा कागदच जास्त आवडतो.

उत्तरात ज्ञानदेवांनी सांगितले आहे ते इतकेच, की जे आहे ते सगळे एकच आहे. पण सांगताना घेतलेले दाखले असे, की आपल्या घरातलेच वाटावेत. सोन्याचा दागिना झाला म्हणून सोने कमी होत नाही. लुगडे दिसते, पण ते सूतच असते. घट म्हणजे मातीच. मीठ पाण्याचा थांग घ्यायला आत शिरले, ते स्वतःच उरले नाही, मग माप कोण घेणार? डाळीत पडलेले मीठ परत काढता येत नाही, हे आम्हां बायकांना कोणी शिकवायला नको.

तरी मी बाईंना विचारलेच, "सगळे एकच, तर मग भांडी कोणी घासायची?" सगळ्या हसल्या. बाई हसल्या नाहीत. म्हणाल्या, "पुढे वाचा."

मी हे उगाच विचारले नव्हते. सहा वर्षांपूर्वी आमच्या घरी वाटण्या झाल्या. थोरले दीर जळगावला राहायला गेले. माझ्या जाऊबाई मानाने थोरल्या, पण वयाने माझ्याहून पाच वर्षांनी लहान. दिरांचे पहिले कुटुंब लवकर गेले, आणि हे दुसरे लग्न आमच्यानंतर झाले. घरात आधी आलेली मी, पण ओटी आधी त्यांची भरायची, पंगतीत पहिले ताट त्यांचे. त्या मला ताई म्हणत, मी त्यांना जाऊबाई. वर्षानुवर्षे एका चुलीवर काढली. बिबड्या आणि कुरडया एकाच गच्चीवर वाळवल्या.

बिनसले ते सासूबाईंच्या पाटल्यांवरून. शेवटी दोघींनी एकेक घेतली. आता सांगा, एका पाटलीचे काय करायचे? एका हातात घालून कोणी कुठे जाते का? मोडायला मन होत नाही, घालताही येत नाही. सोने सगळे एक हे सोनारालाही ठाऊक आहे. आमचे भांडण सोन्याचे नव्हतेच, ते पाटलीचे होते. जाताना त्या काय बोलल्या आणि मी काय उत्तर दिले, ते इथे सांगत नाही. माझे उत्तर जास्त वाईट होते.

थंडीत आपण मुक्ताईनगरकडे सहलीला गेलो होतो, आठवते ना? कोथळीला मुक्ताईचे दर्शन घेऊन चांगदेव गावी गेलो. तिथे पूर्णा येऊन तापीला मिळते. काठावर जुने दगडी देऊळ आहे. बाकीच्या फोटो काढत होत्या, तेव्हा मी पाण्याकडे बघत बसले होते. संगमाच्या पुढे पूर्णेचे नाव राहत नाही, सगळी तापीच. लग्न होऊन आलेल्या बाईचे असेच. घराशी एक व्हा, हे आपल्याला इतक्यांदा सांगितलेले असते की ऐक्य शब्द ऐकला तरी माझ्या पोटात गोळा येतो. म्हणून ज्ञानदेव चांगदेवांना काय म्हणतात ते मी परत परत वाचले. ते म्हणत नाहीत की तू माझ्यात विरून जा. ते म्हणतात, आपण दोघे एकमेकांसमोर धरलेले आरसे आहोत, आणि या आरशांना दृष्टी आहे. हे मला पटले. आरशासमोर आरसा ठेवला तर थोरला कोणता नि धाकटा कोणता?

पुढे ते असेही लिहितात, की तुला भेटायची ओढ लागली आहे, पण भेट तर आधीच झालेली आहे, ती प्रत्यक्ष भेटण्याने विस्कटेल अशी भीती वाटते. हे वाचून मला आधी बरेच वाटले. म्हटले, झाले, जाऊबाईंना न भेटण्याला ज्ञानदेवांचाच आधार मिळाला! ते मी बाईंना बोलून दाखवले. त्या म्हणाल्या, "तसे लिहूनही त्यांनी पत्र पाठवले ना?"

चैत्रात जाऊबाईंच्या मुलीच्या लग्नाची पत्रिका आली. दिरांनी यजमानांना फोन केला होता. मला कोणाचाच नाही. पत्रिकेवर हाताने लिहिलेले एक अक्षर नव्हते. "आठ दिवस आधी यावे" नाही, "ताईंस नमस्कार" नाही. यजमान म्हणाले, "मानाने बोलावलेले दिसत नाही. मी मुहूर्तावर जाऊन येईन, तू राहा." मीही दोन दिवस तेच धरून बसले. तिसऱ्या दिवशी पत्रिका उचलून ठेवताना तिची मागची कोरी बाजू दिसली, आणि एकदम मनात आले, की त्याही लिहायला बसल्या असतील. ताई लिहू, की नुसते सौभाग्यवती, की नावाने लिहू? सहा वर्षांनंतर काय लिहायचे ते कोणाला सुचते? मी तरी दर दिवाळीला हेच करीत होते. भेटकार्ड आणायचे नि ड्रॉवरमध्ये ठेवायचे. अशी पाच कार्डे अजून पडून आहेत.

हळदीच्या आदल्या दिवशी एकटीच एसटीने गेले. वाटभर ठरवीत होते, दारात काय म्हणायचे. काही ठरले नाही. जाऊबाई कार्यालयाच्या दारातच उभ्या होत्या, केस विस्कटलेले, पदर खोचलेला. मला बघून म्हणाल्या, "ताई, किती हा उशीर! कोठीची किल्ली कोणाकडे द्यायची तेच मला कळेना." आणि किल्ली माझ्या हातात देऊन आत गेल्या. मी पिशवी ठेवली आणि आधी तूप मोजून घेतले.

रात्री दोघी बुंदीचे लाडू वळत बसलो. बोलणे सारे लाडवांचेच झाले, पाक पुढे गेला होता म्हणून. पाटल्यांचा विषय काही निघाला नाही, अजूनही निघालेला नाही. एक माझ्या डब्यात आहे, एक त्यांच्याकडे. भांडी कोणी घासायची हेही पासष्टीत मला सापडले नाही. त्या रात्री ती आम्ही दोघींनी घासली, कारण भांडेवाली आलीच नव्हती.

माझे बोलणे लांबले. मुलींची गाणी व्हायची आहेत, चहाही तयार आहे.